हजेरीपटातली तीन पिसं

मी आठ वर्षं पत्रकं लिहिली. कोणी डॉक्टर असतं, कोणी कंडक्टर असतं, मी पत्रकवाला होतो. धुळ्याच्या स्टँडवर, फैजपूरच्या बाजारात, भुसावळच्या रेल्वे फाटकापाशी लोकांनी माझी पत्रकं वाचली, त्यांत भजी बांधली, त्यांनी वारा घेतला. आणि त्यातल्या एका पत्रकानं एका शिक्षिकेची नोकरी जवळजवळ घालवली. दिवाळी अंकासाठी कामाचे अनुभव लिहा असं संपादक म्हणाले, तेव्हा त्यांच्या डोळ्यांपुढे मोर्चे, घोषणा आणि पोलिसांची निळी गाडी असणार. ते सगळं झालं. त्यात शिकण्यासारखं फारसं नाही. लाठी पडली की दुखतं, एवढंच. मी सांगणार आहे ती गोष्ट त्या बाईंची आहे आणि थोडी स्पेन देशाची आहे. दचकू नका. खानदेशातून स्पेनला कसं जायचं ते सांगतो.

आधी धंदा कळू द्या. पत्रक म्हणजे एका हाताच्या पंजात मावणारा कागद. ज्याला देतो तो माणूस घाईत असतो, त्याच्या दुसऱ्या हातात पिशवी असते, आणि कागद खाली टाकायच्या आत त्याची पहिली ओळ वाचून झालेली असते. म्हणजे तुमच्याकडे एकच ओळ आहे. ती गेली की तुम्ही गेलात. आमच्याकडे छापखान्याची चैन क्वचित असायची. मेणकागदाचं स्टेन्सिल काचेवर ठेवून लोखंडी टोकाच्या लेखणीनं अक्षरं कोरायची, चुकलं की ती उग्र वासाची लाल शाई लावून बुजवायचं, मग सायक्लोस्टाइल मशीनचा दांडा फिरवायचा. शंभर प्रतींनंतर अनुस्वार जायचे, दोनशेनंतर काना-मात्रा. धुळ्यात आमचे एक ज्येष्ठ होते, त्यांनी मला हे काम शिकवलं. त्यांचा नियम एक: पत्रकात गावाचं नाव पाहिजे, माणसाचं नाव पाहिजे, काय घडलं ते पाहिजे. ते म्हणायचे, "नाव नसलेलं पत्रक म्हणजे हवेत दगड. कोणाला लागत नाही."

मी तो नियम देवासारखा मानला. म्हणून तर ही गोष्ट घडली.

आता स्पेन. भुसावळच्या रेल्वे कॉलनीत आबा राहायचे, मालगाडीचे गार्ड म्हणून निवृत्त झालेले. मालगाडी सिग्नलला तासन्‌तास उभी राहते. शेवटच्या डब्यात एकटा गार्ड बसून असतो. आबा म्हणायचे, माझं सगळं इंग्रजी सिग्नलनं शिकवलंय. त्यांच्याकडे एक पुठ्ठा गेलेलं जाड पुस्तक होतं, स्पेनचा समाज आणि तिथल्या शाळा यांचा इतिहास. रद्दीत मिळालेलं. ऐंशीच्या दशकाच्या शेवटाला, मी नुकताच चळवळीचं पूर्णवेळ काम करायला लागलो होतो तेव्हा, आबांनी ते मला दर रविवारी वाचून मराठीत सांगितलं. पहिल्या रविवारी मी कंटाळलो. दुसऱ्या रविवारी मी वही घेऊन गेलो.

कारण ते सगळं आमचंच होतं. आपल्याकडे पहिली आगगाडी धावली त्या सुमाराला स्पेनमध्ये कायदा झाला, की प्रत्येक मुलाला शाळा. छान. पण मास्तरचा पगार द्यायचा कोणी? गावानं. गाव गरीब, म्हणून मास्तर उपाशी. त्याची उपासमार हा त्या देशात थट्टेचा विषय झाला, इतका तो उपाशी. शहरातल्या चांगल्या शाळा मठांच्या आणि चर्चच्या हातात, तिथे पैसेवाल्यांची पोरं. डोंगरातल्या वाड्यांना तर उपाशी मास्तरही परवडायचा नाही. मग ते लोक जत्रेत जायचे आणि हिवाळ्यापुरता मास्तर ठरवून आणायचे, आपण वर्षाच्या बोलीवर सालदार ठरवतो तसा. मास्तर टोपीत पीस खोचून उभे असायचे. एक पीस म्हणजे नुसतं वाचायला शिकवतो. दोन पिसं म्हणजे वाचायला आणि लिहायला. तीन पिसंवाला हिशोबही शिकवायचा, त्याचा भाव जास्त. शाळा फक्त थंडीत, कारण उन्हाळ्यात पोरं गुरांमागे. पोट आणि पाटी यांची वेळ जुळवायची, हे ज्यांना अडाणी म्हणतात त्या लोकांना कळत होतं.

मग एकोणीसशे एकतीस साली राजा देश सोडून गेला, प्रजासत्ताक आलं. नव्या सरकारनं शाळा बांधायला काढल्या. तरुण पोरंपोरी खेचरांवर पुस्तकांच्या पेट्या, सिनेमाचं यंत्र, मोठमोठ्या चित्रांच्या नकला लादून डोंगरात गेली. ज्यांनी कधी सिनेमा पाहिला नव्हता ते म्हातारे पडद्यावरची गाडी अंगावर येते म्हणून मागे सरकले. पाच वर्षं हे चाललं. मग लष्करानं बंड केलं, युद्ध झालं, बंडवाले जिंकले. आणि जिंकल्यावर त्यांनी काय केलं? मास्तरांच्या चौकशा लावल्या. प्रत्येक गावात नगराध्यक्ष, पाद्री, पोलिसांचा ठाणेदार आणि एक "चांगला" पालक यांच्याकडून लिहून घेतलं, की हा मास्तर कसा आहे. कोणाला गोळ्या, कोणाला घरी, कोणाला दूरच्या प्रांतात बदली.

आबांनी पुस्तक मिटलं तेव्हा मला फार राग आला होता. वय चोवीस. दुसऱ्याच दिवशी पाट्या रंगवणाऱ्या एका मित्राकडे गेलो आणि म्हणालो, मला स्पेनची बारा पोस्टरं पाहिजेत. त्यानं स्पेन पाहिलेला नव्हता, मीही नव्हता. त्याच्या स्पॅनिश मास्तरला खानदेशी मिशा आल्या. खेचराच्या पाठीमागे त्यानं, जागा रिकामी दिसते म्हणून, केळीची बाग काढली. मी ओरडलो. तो म्हणाला, "भाऊ, डोंगर मला जमत नाही. केळी जमते."

ही बारा पोस्टरं पिशवीत गुंडाळून मी दोन जिल्हे फिरलो. दोरी बांधायची, कपडे वाळत घालायच्या चिमट्यांनी पोस्टरं लावायची आणि बोलायचं. फैजपुरात एका केळीवाल्यानं सगळं भाषण ऐकून एकच प्रश्न विचारला: तिकडे केळी होते का? मी चिडून म्हणालो, विषय शिक्षणाचा आहे. नंतर आबांनी सांगितलं, स्पेनची समुद्रात बेटं आहेत आणि तिथे केळीच केळी आहे. पुढच्या वेळी मी फैजपुरात हे आधी सांगितलं. त्यानंतर लोकांनी स्पेनला जरा मान दिला.

धरणगावात मात्र मला गप्प केलं. धरणगाव माझं गाव; वडील जिनिंगमध्ये कामाला. तिथे जिनिंगमध्येच सरकी वेचणाऱ्या एक अक्का होत्या, मला लहानपणी उघडा फिरताना पाहिलेल्या. त्यांनी खेचराच्या पोस्टरपुढे उभं राहून विचारलं, ही पोरं पुस्तकांची पेटी ठेवून किती दिवस राहायची? मी म्हणालो, आठवडाभर. मग निघून गेल्यावर वाचून कोण दाखवायचं? मी म्हणालो, गावातला मास्तर. त्यावर अक्का म्हणाल्या, "मंग त्यानी गोष्ट सांग ना बापा. फिरणारासनी काय सांगस? फिरणारा तर तू बी शे."

बायका हसल्या. मीही हसलो, पण ते लागलं. आणि तेव्हापासून मी राहणारा मास्तर शोधायला लागलो.

सापडल्या त्या बाई. सातपुड्याच्या पायथ्याशी एक वस्ती आहे, बत्तीस घरांची. पावसावर शेती, बाकी जंगलातलं वेचणं आणि मजुरी. एकशिक्षकी शाळा, एक खोली, चार वर्ग. बाई मूळच्या भुसावळच्या, वडील रेल्वेत गँगमन. विहाराच्या अभ्यासिकेत बसून डी. एड. केलेलं. त्यांच्या आधीचे शिक्षक तालुक्याहून यायचे, येतील तेव्हा. बाई वस्तीतच राहिल्या, शाळेमागच्या एका घरात. पोरं त्यांना बाई म्हणायची, आयाबाया बाई म्हणायच्या, मीही बाईच म्हणतो. त्यांचं नाव इथे मिळणार नाही. वस्तीचंही नाही.

मी पहिल्यांदा गेलो तो मार्च महिना होता. सकाळी साडेआठला पोचलो. सगळ्या जिल्ह्यात मार्चपासून सकाळची शाळा असते, सात ते अकरा, उन्हामुळे. इथे शाळेला कुलूप. मला वाटलं, झालं, ह्याही तशाच. कुलपासमोर उभं राहून मी मनातल्या मनात पत्रकाची पहिली ओळ तयारसुद्धा केली. तेवढ्यात एक म्हातारी म्हणाली, बाई मोहाखाली गेल्यात.

मोहाची फुलं उजाडायच्या आधी गळायला लागतात आणि ऊन चढेपर्यंत गळतात. त्या दोन महिन्यांत अख्खी वस्ती भल्या पहाटे टोपल्या घेऊन झाडाखाली असते. पोरंही, कारण फूल वेचायला लहान हात बरे. फूल वाळवलं की वर्षभराची मीठमिरची त्यातून येते. म्हणजे सरकारी शाळा नेमकी त्याच वेळी भरते, ज्या वेळी एकही पोर येऊ शकत नाही. बाईंनी पहिल्या वर्षी सात वाजता शाळा उघडून रिकाम्या बाकांना पाढे शिकवले. दुसऱ्या वर्षी त्यांनी वेळ बदलली. अकरा ते तीन. ऊन फार झालं तर शाळा झाडाखाली. आणि पहाटे त्या स्वतः पोरांबरोबर मोह वेचायला जायच्या, वेचलेल्या फुलांवर बेरीज-वजाबाकी घ्यायच्या. मुलं गळायची थांबली. चौथी झाल्यावर डोंगराखालच्या मोठ्या गावच्या शाळेत पाचवीला मुली गेल्या, पहिल्यांदा.

मी त्या दिवशी झाडाखाली बसून फार वेळ काही बोललो नाही. माझ्यासाठी ही विशेष गोष्ट आहे.

दुपारी पोस्टरं लावली. पोरांना टोपीतली पिसं आवडली. आमच्या बाईंना किती, असं एका मुलीनं विचारलं. मी म्हणालो, तीन. ती पळाली आणि कोंबडीची तीन पिसं घेऊन आली. बाई टोपी घालत नव्हत्या, म्हणून त्यांनी ती हजेरीपटात ठेवली.

वस्तीतले नाना, त्या मुलीचे आजोबा, सगळं ऐकून नवव्या पोस्टरपुढे थांबले. त्यात टेबलामागे साहेब होता, पुढे मास्तर आणि बाजूला लिहून देणारे चौघे. नानांनी मला विचारलं, "भाऊ, ह्या मास्तरनं नाव सायेबले कोनी सांगं?"

मी म्हणालो, गावातल्याच लोकांनी. भीती दाखवून लिहून घेतलं.

"एकेकले बलाईसन?"

हो, एकेकाला बोलावून, मी म्हणालो. आणि मग मी हुकूमशाहीवर वीस मिनिटं बोललो. नाना तेवढा वेळ पोस्टरच बघत होते.

धुळ्याला परतलो आणि पत्रक लिहिलं. आजही मला ते पाठ आहे, पण इथे देत नाही. चांगलं उतरलं होतं. तेच तर दुर्दैव. पहिली ओळ अशी होती, की कोणाच्या हातून कागद खाली पडला नसता. स्पेनचे डोंगर, आमचे डोंगर, पिसं, मोह, सगळं. नियमाप्रमाणे वस्तीचं नाव, बाईंचं पूर्ण नाव, काय केलं ते. "सरकारी वेळापत्रक झुगारून" हे शब्द माझे. सातऐवजी अकरा वाजता शाळा भरते हेही नीट लिहिलं, आकड्यात. आणि शेजारच्या वस्तीवरच्या गुरुजींचं नाव घालून लिहिलं, की हे आठवड्यातून दोनदा सही करायला उगवतात. हातानं स्टेन्सिल कोरलं. बाईंच्या नावाचं अक्षर मोठं कोरलं, म्हणजे उशिराच्या प्रतींतसुद्धा जाऊ नये.

गेलं नाही. तीन आठवड्यांनी ते एका फायलीत लागलं होतं, सगळ्या काना-मात्रांसह.

त्या गुरुजींनी तक्रार केली होती. साधी, सरळ. मी बेशिस्त आहे असं छापता ना, मग ही बघा शिस्त: शाळेची वेळ परस्पर बदलली, हजेरीपटात मात्र रोजची नोंद, पुरावा सोबत जोडला आहे. पुरावा म्हणजे माझं पत्रक. शिक्षणाधिकाऱ्यांनी विस्तार अधिकाऱ्यांना चौकशीला पाठवायचं ठरवलं. दोष सिद्ध झाला तर निलंबन, आणि बाईंची नोकरी अजून कायमसुद्धा झाली नव्हती.

मी धावत वस्तीवर गेलो. माझ्या पिशवीत निषेधाच्या दुसऱ्या पत्रकाचा मसुदा होता. हो, मी तो एस. टी.त बसून लिहिला. बाई शाळेच्या पायरीवर बसून पाटीवर कित्ता काढत होत्या. मी मसुदा वाचून दाखवायला लागलो. त्यांनी हात वर करून थांबवलं.

"भाऊ, पहिलं छापलं तेव्हा तुम्ही मला विचारलं होतं का?"

मी म्हणालो, बाई, त्यात तुमचं कौतुकच होतं.

"तुमच्या त्या नवव्या चित्रातला मास्तर," बाई म्हणाल्या, "त्याचंही आधी कोणीतरी कौतुकच केलं असेल. कोणत्यातरी वर्तमानपत्रात. तेच कात्रण त्या टेबलावर ठेवलं असेल."

ते खरं होतं. आबांच्या पुस्तकात ते लिहिलेलंसुद्धा होतं, आणि माझ्या वहीतही होतं. मी चाळीसेक गावांत ती गोष्ट सांगत फिरलो आणि घरी येऊन तेच काम केलं. टेबलामागचा साहेब मला दिसत होता, बंदूकवाला दिसत होता. कागद पुरवणारा दिसत नव्हता. चळवळीतल्या माणसाकडूनच ही चूक होते. व्यापारी असता तर त्यानं नाव छापायच्या आधी दहादा विचार केला असता.

बाई रडल्या वगैरे नाहीत. एवढंच म्हणाल्या, की माझ्या घराण्यात खडू हातात धरणारी मी पहिली आहे, आणि चौकशीच्या दिवशी यायचं असेल तर या. पण एक शब्द बोलायचा नाही. मी कबूल केलं.

विस्तार अधिकारी सांगितल्या दिवशी सकाळी सातला आले. साहेब वाईट माणूस नव्हते. पन्नाशीचे, मोटारसायकलवर येऊन कमरेला हात लावून उतरणारे. स्वतः कधीकाळी प्राथमिक शिक्षक होते. त्यांच्याबरोबर खालच्या गावचे सरपंच आणि पोलीस पाटील. तिसरा एक पालक पाहिजे होता. वस्तीत कोणी नव्हतं. शाळेला कुलूप. मी ओट्यावर गप्प बसलेला. साहेबांनी मला विचारलं, लोक कुठे आहेत? मी शपथेप्रमाणे तोंड उघडलं नाही. त्यांना वाटलं असेल, माणूस मुका आहे.

आठ वाजले. नऊ वाजले. सरपंच आणि पोलीस पाटलांनी आपापलं लिहून दिलं. आम्ही खाली राहतो, आम्हांला माहीत नाही, अशा अर्थाचं. दोघं निघून गेले. साहेबांनी डबा उघडला, मला अर्धी भाकरी दिली. मी खाल्ली. ऊन चढलं.

साडेदहाच्या सुमाराला जंगलाच्या बाजूनं माणसं उतरायला लागली. डोक्यावर टोपल्या, टोपल्यांत ओलसर पिवळी फुलं, सगळीकडे तो गोड वास. बायकांमागे पोरं, प्रत्येकाच्या हातात छोटी टोपली. सर्वांत शेवटी बाई, पदर खोचलेला. पोरांनी टोपल्या अंगणात उलट्या केल्या, हौदावर हातपाय धुतले आणि दप्तरं घेऊन शाळेपुढे रांगेत उभी राहिली. कोणी सांगितलं नव्हतं. रोजचंच होतं ते. साहेब घड्याळाकडे बघत होते. अकराला पाच कमी.

बाईंनी कुलूप उघडलं, नमस्कार केला आणि हजेरीपट पुढे ठेवला. साहेबांनी तो उघडला आणि पिसं खाली पडली.

"हे काय?"

बाई काही बोलायच्या आत ती मुलगी रांगेतून म्हणाली, "एक वाचाले, एक लिखाले, एक हिसाबले."

साहेबांना अर्थातच काही कळलं नाही. पण त्यांनी तिला जवळ बोलावलं, पाटी दिली, म्हणाले, मग लिही. तिनं लिहिलं. हिशोब घातला, तो केला. मग दुसऱ्या पोराला बोलावलं, मग तिसऱ्याला. मला वाटतं, तेवढा वेळ ते विस्तार अधिकारी नव्हते.

मग त्यांना काम आठवलं. कागद काढला आणि म्हणाले, एका पालकाचा जबाब पाहिजे. नाना, तुम्ही या.

नाना उठले, पण पुढे गेले नाहीत. जागेवरूनच म्हणाले, "सायेब, एकलं कोनी लिखी देवाव नही. बठ्ठासनं लिखा."

साहेब म्हणाले, नियमाला एक पुरतो, बत्तीस घरं आहेत तुमची.

"मंग बत्तीस लिखा. आम्हले काही घाई नही." आणि माझ्याकडे बोट करून नाना म्हणाले, "ह्या भाऊनी दखाडं शे आम्हले. एकेकले बलाईसन लिखी लेतस, तवय मास्तर जास."

मी खाली बघितलं. माझं वीस मिनिटांचं भाषण त्यांनी ऐकलंच नव्हतं. त्यांनी चित्र बघितलं होतं, आणि त्यात नेमकं चुकीचं काय आहे ते माझ्याआधी ओळखलं होतं. हुकूमशहा वगैरे मागाहून. आधी माणसाला एकटं गाठतात, मग त्याच्याकडून लिहून घेतात.

 साहेबांनी पोरांच्या बाकावर बैठक मारली आणि लिहायला घेतलं. प्रत्येक घराचा जबाब. बहुतेकांचं म्हणणं एकच, पण साहेब प्रामाणिक. एकाचं दुसऱ्यावर चिकटवलं नाही. कागद संपले. बाईंनी शाळेच्या वहीतले कागद काढून दिले. शेवटी शेवटी पोरांनीच आपापल्या घरचं लिहिलं आणि आईबापांनी खाली अंगठे, काहींनी सह्या केल्या. मीसुद्धा एका म्हातारीचं लिहून घेतलं. एक शब्दही न बोलता, ती सांगेल तसं. आठ वर्षांतलं माझं सर्वांत चांगलं लिखाण ते असावं, आणि त्यात माझं एकही वाक्य नव्हतं.

निकाल लागला तो असा. निलंबन नाही. मोहाच्या दिवसांपुरती शाळेची वेळ पालकसभेनं ठरवावी, असा शेरा साहेबांनी अहवालात मारला, आणि वरून तो कसा कोण जाणे मंजूर झाला. पण पूर्वपरवानगी न घेता वेळ बदलली याबद्दल बाईंना सक्त ताकीद, सेवापुस्तकात नोंद. ती ओळ अजून तिथे आहे. बाई निवृत्त होतील तेव्हाही असेल. ती ओळ साहेबांनी लिहिली असं लोक म्हणतात. ती मी लिहिली आहे.

त्या गुरुजींची पुढे एकदा धुळ्याच्या गाडीत गाठ पडली. शेजारचीच जागा. मला ओळखून म्हणाले, मी दोनदाच का येतो हे विचारायला तुम्ही एकदा तरी आला असतात. घरी बायको अंथरुणाला खिळलेली होती, तीन वर्षं. मी म्हणालो, वाईट झालं, पण तुमच्या वस्तीतली पोरं त्या तीन वर्षांत अडाणी राहिली, त्याचं काय?   माझं म्हणणं अजून तेच आहे. फक्त, भर बाजारात त्यांचं नाव वाटायच्या आधी मी त्यांच्या दारात जायला हवं होतं. रजेवर बदली शिक्षक द्यायचा कोणी, हा प्रश्न त्यांना नव्हे, त्यांच्या साहेबांना विचारायला हवा होता. खरं पत्रक ते झालं असतं. ते मी लिहिलंच नाही.

आता पत्रकं लिहितो ती कमी, आणि फिरणं जास्त. ज्याच्याबद्दल लिहायचं त्याला आधी वाचून दाखवतो. धुळ्याचे ज्येष्ठ म्हणाले, असं केलंस तर निम्मी पत्रकं निघायचीच नाहीत. बरोबर आहे. निघत नाहीत.

हा लेखही पाठवायच्या आधी वस्तीवर घेऊन गेलो. बाई अजून तिथेच आहेत. नाना गेले. ती मुलगी दहावीला आहे, खाली गावात. पोरं सुटल्यावर बाईंनी सगळा लेख माझ्याकडून मोठ्यानं वाचून घेतला, मग स्वतः एकदा वाचला, पेन हातात धरून. दोन ठिकाणी माझी शुद्धलेखनाची चूक काढली. वस्तीचं नाव खोडलं, स्वतःचं नाव खोडलं. माझं एक वाक्य होतं त्यांच्या धैर्याबद्दल, चांगलं लांबलचक, तेही खोडलं. मोहाचं राहू दे म्हणाल्या, आणि साहेबांनी अर्धी भाकरी दिली तेही राहू दे.

मग शेवटच्या पानावर, पोरांच्या वह्यांवर लिहितात तसं, लाल शाईनं "पाहिले" असं लिहिलं आणि खाली पूर्ण सही केली.

ते पान माझ्याकडे आहे. छापायला मी त्याची नक्कल पाठवली आहे, सहीशिवाय.